तिच्या शेतातलं पाणी

अलिबागच्या वेशीबाहेर भातखाचरं बुजवून आमची नवी वसाहत उभी राहत होती. पण दोन विहिरी खणल्या आणि दोन्हींना खारं पाणी लागलं. वडील प्लॉट विकायला निघाले. तेव्हा बांधकामावर घमेली वाहणारी एक बाई पुढे आली. तिने टाचेने जमीन दाबत दाबत एक जागा दाखवली.

"हितं खना."

"कशावरून?" वडिलांनी विचारलं.

"हे आमचंच शेत व्हतं. भर उन्हाळ्यात बी हितली माती वली ऱ्हायची."

आठव्या दिवशी गोड पाणी लागलं. वडिलांनी पहिला तांब्या तिच्या हातात दिला. पाणी पिऊन ती ताठ मानेने म्हणाली, "शेत गेलं, पन वस्ती माज्याच पान्यावर ऱ्हानार!"

तिचं नाव विचारायचं राहून गेलं. अजूनही कुणी आमच्या पाण्याचं कौतुक केलं, की मी तिच्याबद्दल सांगतो.