निळा जाळ आणि भागरथा आजी

शेजारच्या घरचे किस्से साठवायला वेगळी कोठी लागत नाही. आमच्या आणि सखारामभाऊंच्या घरात एकच कुडाची भिंत, आणि देवानं मला कान दिले दोन. मग मी काय कापूस कोंबून बसू? वर्षं गेली तसे हे किस्से साठत गेले. त्यातले गोबरगॅसचे सगळ्यात वरचे.

सुरुवात किराणा दुकानात झाली. मी गूळ घ्यायला उभी होते. मागे दोघं बोलत होते.

"सखारामच्या घरी शेणाचा गॅस होऊन राहिला म्हंते. बुढी म्हणे, ज्या दिवशी तो पेटंन, त्या दिवशी मी घर सोडून..."

तेवढ्यात लाखांदूरची एसटी आली. दोघंही धावत सुटले आणि उरलेलं वाक्य त्यांच्याबरोबर एसटीत बसून निघून गेलं!

बुढी म्हणजे सखारामभाऊंची आई, भागरथा आजी. घर सोडून काय? लेकीकडे जाईन? काशीला जाईन? मी गूळ दुकानातच विसरून घरी आले.

कारण गोष्ट हसण्यावारी नेण्यासारखी नव्हती. आजींची सून शांता चुलीपुढे बसली की खोकून खोकून वाकडी व्हायची. डोळे तर बाराही महिने लाल. साकोलीच्या डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं होतं, "बाई, एक तर धूर सोडा, नाही तर डोळे सोडा." म्हणून तर सखारामभाऊ गॅसच्या मागे लागले होते. पण माणूस आईपुढे मऊ. म्हणाले, "माय घर सोडून गेली तं मी गॅसची टाकी उपसून फेकून देईन." म्हणजे शांताचे डोळे शेवटी आजींच्या हातात!

*

पंचायत समितीतून एक साहेब आले. गोबरगॅसवाले साहेब. त्यांनी अंगणात उभं राहून समजावलं, "अर्धा खर्च तुमचा, बाकी अर्ध्याला सरकारची सबसिडी."

दुसऱ्या दिवशी पाहते तर आजींनी गोठ्यामागची जागा झाडून लख्ख केलेली. मी म्हटलं, "आजी, इथं खड्डा खणणार का?"

"खड्डा तिकडं वं विमल. इथं शिडी ठेवाची हाय."

"कोणती शिडी?"

"सरकार देऊन राहिली नं! सब शिडी. सब म्हंजे सगळ्यायले. छपरावरचे कवेलू फेरायले बरी पडंन."

साहेब पुन्हा आले तेव्हा आजींनी त्यांची जीप मागून-पुढून पाहिली आणि विचारलं, "काहून जी, शिडी लांब होती म्हणून नाही आणली का?"

साहेबांना समजायला जरा वेळ लागला. समजलं तेव्हा जीपच्या बॉनेटला धरून हसले. आजी मात्र हसल्या नाहीत. गॅसवरचा त्यांचा राग तिथं आणखी वाढला!

*

खड्डा झाला, बांधकाम झालं, वर पालथी घालायची लोखंडी टाकी आली. ती बैलगाडीतून उतरवायला अख्खी आळी लागली. माणसं घामाघूम झाली, दोर तुटला, एकाचा अंगठा चेंगरला. अशी ती जड बया शेवटी खड्ड्यावर बसली. मग रोज शेण आणि पाणी कालवून आत सोडायचं आणि वाट पाहायची.

एका सकाळी शांता ओरडली, "काकू, लवकर या वं!"

मी पोळपाट टाकून गेले. टाकी वर आली होती! आपोआप! जिला हलवायला आळीतले गडी कमी पडले, ती आतल्या गॅसनं फुलासारखी उचलली गेली होती. आम्ही बाया नुसत्या तोंडाला पदर लावून उभ्या.

शेवटी एकीनं विचारलं, "कोनं उचलली हो?"

दुसरी म्हणाली, "उचलते कोन? टाकीले दिवस गेले!"

त्या आठवड्यात साहेब तपासणीला आले. टाकीला हळदकुंकू, वर चोळीचा खण, तांदूळ आणि नारळ.

"हे काय?"

"ओटी भरली जी," शांता म्हणाली.

साहेब टाकीकडे बघत राहिले. मग हळूच पायातल्या चपला काढल्या!

*

पहिल्यांदा गॅस पेटवला तो भर दुपारी, अंगणातच, नळीच्या तोंडाशी. साहेबांनी काडी लावली. आम्ही डोळे फाडून पाहतोय, काहीच दिसेना.

"पेटला," साहेब म्हणाले.

"कुठं पेटला?" सखारामभाऊ वाकले.

उन्हात तो जाळ दिसतच नाही, हे आम्हाला कुठं ठाऊक! जळका वास आला तेव्हा कळलं. भाऊंची डावी मिशी गेली होती! पुढे महिनाभर गावात कुणी विचारलं, "गॅस पेटला का जी?" तर ते नुसती मिशी दाखवायचे.

मग शेगडी आत नेली. आतल्या अंधारात तो जाळ पाहिला आणि माझ्या अंगावर काटा आला. निळा! मोराच्या मानेसारखा! ना फुंकणी, ना ठिणगी, ना राख. शेणातून असा रंग निघतो, हे कुणी सांगितलं असतं तर मी त्याला वेड्यात काढलं असतं.

शांतानं भाताचं पातेलं वर ठेवलं आणि सवयीनं पदरानं डोळे पुसले. मग पदराकडे पाहिलं. कोरडा होता. तिनं तो मला दाखवला.

*

साहेबांनी गॅसवरचा दिवाही दिला होता. त्यात कापडाचं पांढरं बोंडूक असतं, त्याला ते मेंटल म्हणायचे. संध्याकाळी तो लागला तर सगळी आळी पाहायला जमली. चांदणं घरात उतरल्यासारखा उजेड!

दिवा विझवल्यावर आमच्या ह्यांना राहवेना. "सूत हाय का रेशीम?" म्हणत त्यांनी मेंटल चिमटीत धरलं. भुर्रकन राख झाली! हे चिमूटभर राख घेऊन चोरासारखे उभे.

शेजारचे एक म्हातारबा पुढे आले. त्यांनी ह्यांच्या बोटावरची राख घेतली आणि भक्तिभावानं कपाळाला लावली.

*

आणि आजी? आजींनी घर सोडलं नाही, पण गॅसवरच्या भाताला हातही लावला नाही. ओसरीवर वेगळी चूल मांडली आणि आपलं आपण शिजवायला लागल्या. धूर पुन्हा घरात!

शांता एकदा बोललीच, "आत्याबाई, तुमच्या गवऱ्या तरी कायच्या असतेत? शेणाच्याच नं?"

"गवरी उन्हात वाळते. सूर्यदेव तिले शुद्ध करते. तुह्या नळीत कच्चं शेण हाय!"

मीसुद्धा विचारात पडले.

बरं, चूल म्हटली की गवऱ्या आल्या. आजी पहाटेच गोठ्यात शिरून टोपलंभर शेण उचलायच्या. टाकी उपाशी राहायची. निळा जाळ अर्ध्या भातातच मान टाकायचा आणि शांता पुन्हा फुंकणी शोधायची. खोकला परत आला. सखारामभाऊ एकदा आईकडे बघायचे, एकदा बायकोकडे, आणि बैल सोडून शेतावर जायचे.

*

अशात साहेब दुसऱ्या गावच्या बाया घेऊन आले, गॅस बघायला. शांतानं सगळ्यांना चहा केला. त्यातल्या एका ठसकेबाज बाईनं कप नाकाशी नेला आणि नाक मुरडलं.

"शेणाचा वास येते वं बाई. आमच्या गावात असा चहा कुत्र्यालेही नाही पाजत."

शांताचं तोंड एवढंसं झालं. आजी ओसरीवर गवऱ्या रचत होत्या. त्या उठल्या. हात धुतले, पदराला पुसले, आत आल्या आणि त्या बाईच्या हातातला कप काढून घेतला.

"कुठं येते वास?"

एका दमात कप रिकामा! सखारामभाऊ दारात गोठल्यासारखे.

आजींनी कप पालथा केला. "माह्या घरच्या चहाले नावं ठेवते? तुह्या नाकातच शेण हाय!"

त्या दिवशी संध्याकाळी आजी ताट घेऊन शांतापुढे बसल्या. "वाढ भात. पाहून काय राहिली?"

शांतानं वाढला. भिंतीच्या अलीकडे मी डोळे पुसले. आमच्या चुलीला धूर होता म्हणा!

*

त्यानंतर काही दिवसांनी मी अंगण सारवत होते तर रस्त्यावरून ओरडा आला, "बुढी घर सोडून चालली हो!"

माझ्या हातातलं शेण खाली पडलं. धावत गेले. खरंच! आजींच्या हातात बोचकं, अंगावर ठेवणीतलं लुगडं. दाराशी साहेबांची जीप. आजी पुढच्या सीटवर चढून बसल्या होत्या आणि साहेब मागे, बोचक्याशेजारी.

"शांते!" आजींनी जीपमधून आवाज दिला. "शेण सगळं टाकीत टाकजो. एकही गवरी थापशीन तं पाहाय! अन् ते ओसरीवरची चूल फोडून टाक."

साहेब मागून अदबीनं समजावत होते, "आजी, त्या गावात गॅसचं सांगायला गेलो की तुम्ही आधी तिथल्या सुनांशी बोला. त्यांना पटलं की..."

आजींनी मागे वळूनही पाहिलं नाही. "सुनायले काय सांगाचं जी? त्या तं कधीच्याच तयार हायेत. मले सासवा दाखवा!"