ओंजळदेशाची वंदना

नकाशावर नसलेल्या एका देशासाठी मी चार ओळींची वंदना लिहिली होती. त्या देशाचं नाव ओंजळदेश. तिथली माणसं सकाळी उठली की प्रत्येकाच्या हातात ओंजळभर उजेड असायचा आणि मावळतीच्या आत तो दुसऱ्या कुणाला तरी देऊन टाकावा लागायचा. देताना म्हणायची ती ही वंदना. तिचा नियम मी फार डोकं लढवून ठरवला होता: एक ओळ गायची आणि मग तेवढाच वेळ गप्प राहायचं. कारण मधली ओळ त्या देशातली मेलेली माणसं गातात, ती आपल्याला ऐकू येत नाही. हे सुचलं तेव्हा मी बारामतीच्या स्टँडवर उभी होते आणि आनंदाच्या भरात माळेगावची गाडी सोडून दिली होती.

नव्वदच्या दशकातल्या सुरुवातीच्या वर्षांतली ही गोष्ट. मी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला होते. या देशावर मी एकांकिका लिहिली आणि कॉलेजनं ती इंदापूरच्या स्पर्धेसाठी निवडली. माझे वडील, आमचे आबा, माळेगावच्या साखर कारखान्यात फिटर होते आणि पाळी संपली की भीमगीतांच्या गायन पार्टीत पेटी वाजवायचे. बातमी ऐकून ते पेढे वगैरे आणतील असं मला वाटलं होतं. त्यांनी अट आणली.

"लेखनाचं बक्षीस मिळालं तर पुण्याला जा एम.ए.ला. न्हाय मिळालं तर डी.एड.चा फॉर्म भरायचा, तोंड वाकडं करायचं न्हाय. आन तू लिवती ही वस्तीत कुणाला सांगू नगं. फजिती झाली तर हसत्यात लोकं."

मला असा राग आला! पण मी हो म्हटलं. रागात मी नेहमीच जरा जास्त मोठ्या आवाजात हो म्हणते.

आमचे नाटक बसवणारे सर वंदनेपाशी अडले. यात देवाचं नावच नाही, मग प्रेक्षकांना ती पवित्र कशी वाटणार, असं त्यांचं म्हणणं. मी घरी येऊन आबांपुढे धुसफुसले. आबा पेटी पुसत होते.

"आपल्या बुद्धवंदनेत तरी कुठला देव हाय? तरी आपुन चपला काढतोच की. वाच बघू तुझ्या वळी."

मी वाचलं.

"हाती आलेला उजेड माझा एकट्याचा नाही,
दिला तेवढा राहिला, ठेवला तेवढा विझला."

आबांनी सरळ पेटीच उघडली. गायन पार्टीच्या चाली म्हणजे कडक ढोलकीच्या. ऐकणाऱ्याचा पाय थांबू नये अशा. पहिले चार दिवस माझी वंदना वरातीत निघाल्यासारखी वाटत होती. पाचव्या दिवशी त्यांनी ठेका सोडून दिला, दोनच सुरांवर ओळ संथ सोडली आणि शेवटी खाली आणून ठेवली. माझ्या अंगावर काटा आला. मी उड्या मारत स्वयंपाकघरात गेले आणि आईला ओढत बाहेर आणलं. आई म्हणाली, "चपाती करपली," पण उभी राहिली ऐकत.

पोशाखाला कॉलेजकडे काही नव्हतं. मग वस्तीतल्या बायांनी बुद्धपौर्णिमेला नेसायच्या पांढऱ्या साड्या दिल्या. कशाला हव्यात, तर गॅदरिंगला, एवढंच मी सांगितलं. इंदापूर तालुक्यातल्या कळस गावात दिलेल्या माझ्या आत्यानंही तिची साडी पाठवली आणि साडी कुठं जाते ते बघायला स्पर्धेच्या दिवशी ट्रॉलीभर माणसं घेऊन दुपारीच इंदापुरात हजर झाली. आबाही वस्तीतल्या माणसांना घेऊन आले आणि मागच्या रांगेत बसले.

मला भीती होती ती मधल्या शांततेची. त्या हॉलमध्ये पडदा अडकला तरी शिट्ट्या वाजायच्या. सरांनी तिथं घंटा वाजवू या म्हणून शेवटपर्यंत विनवलं, मी शेवटपर्यंत ऐकलं नाही. आणि आता विंगेत उभी राहून मला तीच घंटा आठवत होती. एक शिट्टी, आणि माझं पुणं संपलं.

पांढऱ्या साड्यांतल्या सहा मुली ओंजळ धरून पुढं आल्या. पहिली ओळ गायली आणि त्या थांबल्या. सभागृह गप्प. मी मनात आकडे मोजत होते.

आणि तिसऱ्या रांगेत आत्या उठून उभी राहिली. पायांतल्या चपला बाजूला सारल्या, हात जोडले आणि मुलींनी गायलेली ओळ जशीच्या तशी म्हटली. तिच्यामागं कळसची सगळी ट्रॉली उभी राहिली. आमच्याकडे वंदना अशीच होते ना! एकानं सांगायचं, थांबायचं, बाकीच्यांनी मागून म्हणायचं. पांढऱ्या साड्या समोर, ओळ झाली, जागा सुटली. मग गप्प कोण बसणार? दुसऱ्या ओळीला मागच्या रांगाही सामील झाल्या. चौथ्या ओळीला सगळा हॉल उभा होता. शेवटी कुणीतरी, बुद्धवंदना संपल्यावर म्हणतात तसं, "साधू, साधू, साधू" म्हटलं आणि मी विंगेत पडदा दोन्ही मुठींत धरून नाचत होते. माझ्या देशातल्या मेलेल्या माणसांची जागा कळसकरांनी घेतली होती. माझा नियम पार मोडला होता आणि मला जराही वाईट वाटत नव्हतं.

संध्याकाळी निकाल लागला. परीक्षकांपैकी एक वयस्कर गृहस्थ माइकवर आले. म्हणाले, "या एकांकिकेतली वंदना फार प्रभावी. पण ती या भागातली पारंपरिक रचना आहे हे प्रेक्षकांच्या प्रतिसादावरून दिसलं. लेखिकेनं तसा उल्लेख करायला हवा होता. त्यामुळं लेखनासाठी आम्हाला त्यांचा विचार करता आला नाही."

मला आधी हसू आलं. मग कळलं, की बक्षीस गेलं.

"साहेब, जरा थांबा." मागच्या रांगेतून आवाज आला. आबा उभे होते. "ती वंदना कुठलीच न्हाय. माझ्या लेकीनं लिवलीय. नाटकबी तिनंच लिवलंय. चाल मी लावलीय."

आख्खी वस्ती, आख्खं कळस वळून त्यांच्याकडं बघायला लागलं.

परीक्षकांनी चष्मा काढला. "मग एवढ्या लोकांना ती पाठ कशी?"

"पाठ न्हवती, साहेब. आत्ता ऐकली आन म्हणली."

मग परीक्षकांनी मला नमस्कार केला, माइकवरूनच. पण कागदावर तिघांच्या सह्या झाल्या होत्या. बक्षीस दुसरीकडं गेलं. आत्या मात्र खुर्च्या ओलांडत माझ्यापर्यंत आली आणि पाठीत एक धपाटा घातला. "आगं, तू लिवती? आन मला साडी मागती नुसती?"

स्टँडवर बारामतीची गाडी लागली होती. आबा पिशवी घेऊन पुढं चालत होते. आता डी.एड.चा विषय निघणार म्हणून मी मान खाली घालून रांगेत उभी राहिले. ते माझ्या हातात पिशवी देऊन चौकशीच्या खिडकीकडं गेले.

"पुण्याला सकाळची पैली गाडी किती वाजता अस्ती?"

"उद्याची का?" आतला माणूस म्हणाला.

"न्हाय, जूनची," आबा म्हणाले. "पर आत्ताच इचारून ठिवतो."