नानांचा टीव्ही तेलुगू का बोलायचा

दीड महिन्यापूर्वी सकाळी धुळ्याहून काकूचा फोन आला. "नाना गयात रे..." एवढंच ती बोलली. जळगावात मेहरूणच्या घरात चहाचं गाळणं हातात धरून मी उभा राहिलो आणि मला आठवली एक चिकटपट्टी. सख्खा काका गेल्यावर चिकटपट्टी का आठवावी, हे कबूल केल्याशिवाय मला बरं वाटणार नाही.

नाना कापसाच्या जिनिंगमधून निवृत्त झालेले. दुपारी त्यांच्या पुढच्या खोलीत गल्लीतल्या सात-आठ बाया सिनेमा बघायला जमत. कुणीतरी पेनड्राइव्हमध्ये भरून दिलेले तेलुगू सिनेमे. त्यातलं अक्षर कुणाला कळत नसे, नानांनाही नाही. पण नाना खांद्यावर टॉवेल टाकून टीव्हीशेजारी उभे राहत आणि सगळ्या पात्रांच्या तोंडी अहिराणी घालत. नायक गुंडांसमोर बाह्या सारून गर्जला की नाना म्हणत, "माय, भूक लागनी! भरीत करी ठेव, मी या चार जनस्ले मारीसन येस!" नायिकेला हुबेहूब काकूचा आवाज. "कांदा आनाले धाडं व्हतं, अन् हाई कोनले लई उना?" आतून काकू ओरडे, "मना आवाज असा शे का?" आणि बाया पदर तोंडाला लावून लोटपोट होत.

मी हसायचो, पण मला ते खटकायचंही. धादांत खोटी गोष्ट सांगतात, असं वाटायचं. म्हणून गेल्या वर्षी नवा टीव्ही नेला. इंटरनेटवरचा एकच सिनेमा चार भाषांत ऐकता येणारा. मी मराठी आवाज लावून दिला. बायांना शब्द न् शब्द कळला. नाना खुर्चीत बसून राहिले... मला वाटलं, रमलेत.

पुढच्या खेपेला टीव्ही पुन्हा तेलुगूत. मी मराठी लावली. त्याच्या पुढच्या खेपेला परत तेलुगू. "नाना, बटण दाबलंत का?" तर हसून म्हणाले, "दाबाई गयं व्हई." म्हाताऱ्या माणसाला जमत नाही, असं समजून मी रिमोटच्या भाषा बदलायच्या बटणावर चिकटपट्टी लावली. शिकल्यासवरल्या माणसाने, काकाच्या रिमोटवर! नानांनी पट्टीकडे पाहिलं. मग अगदी हळू म्हणाले, "मराठीमा त्यास्ले बठ्ठं समजस रे. मंग मी काय करू?"

मला तेव्हाही कळलं नाही. मी जळगावची गाडी पकडली. दोनच दिवसांत त्यांनी नखाने पट्टी खरवडून काढल्याचं काकूकडून कळलं, आणि त्या दुपारी खोलीत बसायला जागा नव्हती म्हणे. त्यानंतर मी टीव्हीला हात लावला नाही. पण माफीही मागितली नाही. ती राहिली.

दिवसकार्यानंतर परवा पहिल्यांदाच धुळ्याला गेलो. नाना गेले त्याच्या आदल्या दिवशीचा सिनेमा निम्म्यावर थांबलेला. बाया आल्या, बसल्या. काकूने टीव्ही लावला. नायक विमानतळावर कुणाला तरी काहीतरी सांगत होता. बाया एकमेकींकडे बघत होत्या. मी रिमोट उचलला, तशी काकू म्हणाली, "मराठी लावू नको. तूच सांग."

मी उभा राहिलो. "माय... इमान चुकनं," मी म्हणालो, "आते मी यस्टीनी येस."

क्षणभर कुणीच हसलं नाही. मग काकूने डोळे पुसले. "नाना असं नै सांगेत," ती म्हणाली. "पन सांग... पुढे काय व्हयनं?"