उत्तर सुचवायचं नाही

मी कोडिंग करते. संगणकाचे प्रोग्राम लिहिणारं नव्हे, रोगनिदानाचं. अमेरिकेतल्या इस्पितळांमधले रुग्णांचे कागद, नावं काढून, गोत्रीतल्या आमच्या ऑफिसात पडद्यावर येतात. तिथल्या डॉक्टरने काय लिहिलंय ते वाचायचं आणि प्रत्येक दुखापतीला ठरलेला कोड लावायचा. आधी पंधरा वर्षं मी कारेलीबागेत घरी विज्ञानाच्या शिकवण्या घेत होते. मुलं मोबाइलवर शिकायला लागली, मी हे शिकले. वर्गात सगळ्या माझ्या मुलीच्या वयाच्या होत्या. शरीररचनेच्या पेपरात पहिली आले. त्यात नवल काही नाही, तो पेपर मी पंधरा वर्षं शिकवतच होते.

माझ्या वाट्याला गुडघ्याखालच्या दुखापती आल्या, त्यातही रक्तवाहिन्यांच्या. त्यांचा गट एस८५. गुडघ्यामागची रोहिणी, तिच्या पोटरीत उतरणाऱ्या फांद्या, शिरा. कोणती वाहिनी, फाटली की चेंगरली, उजवा पाय की डावा, उपचार सुरू आहेत की नंतरची तपासणी, सगळं मिळून सात अक्षरं. माझा धाकटा भाऊ मला 'सात अक्षरी बाई' म्हणायचा. तो डभोईच्या शाळेत गणित शिकवायचा, रोज स्कूटरवरून जायचा. "ताई, माणसाचा पाय मोडतो आणि तू त्याचा पिनकोड लिहितेस," असं म्हणायचा. मी म्हणायचे, तू तरी काय, पोरांना मार्कच लिहितोस.

आमच्या कामाचे दोन नियम. पहिला, जे लिहिलेलं नाही ते झालेलं नाही. मनाने काही धरायचं नाही. दुसरा, नोंद अपुरी असेल तर डॉक्टरला लेखी प्रश्न पाठवायचा, पण त्यात उत्तर सुचवायचं नाही. "गुडघ्यामागची रोहिणी फाटली आहे का?" असं विचारलेलं चालत नाही. "रक्तवाहिन्यांच्या स्थितीबद्दलची नोंद कृपया स्पष्ट करावी," असं चालतं. कारण डॉक्टर घाईत असतो, समोर ठेवाल त्याला हो म्हणतो. पहिल्या वर्षी माझे तीन प्रश्न लाल शेरा मारून परत आले. त्यानंतर एकही नाही.

भावाला अपघात झाला तो सकाळी, शाळेत जाताना. रस्त्यावर एक ट्रॅक्टर न बघता मागे आला. याने स्कूटर वळवली, ती आडवी झाली आणि उजवा गुडघा उलट्या दिशेला वाकला. जमलेल्या लोकांनी चांगुलपणाने पाय ओढून सरळ केला. शहरातल्या एका खाजगी इस्पितळात आणलं. वहिनी शाळेत शिकवते, त्या दिवशी तिच्या वर्गाची परीक्षा होती, फोन लॉकरमध्ये. म्हणून मला फोन आला. मी साडेनऊला पोचले.

तरुण डॉक्टर होता, नम्र. एक्स-रे दाखवला. "बेन, चिंता ना करो. हाडकुं सलामत छे." गुडघा निखळून परत बसलाय, पट्टी बांधून ठेवू, दुपारी मोठे डॉक्टर बघतील.

गुडघा निखळून परत बसलाय. हे वाक्य मी इंग्रजीत किती वेळा वाचलं असेल. त्याच्यापुढची ओळ मला पाठ होती: पावलातली नाडी तपासली, रक्तवाहिन्यांचं स्कॅन केलं. कारण गुडघा निखळताना मागची रोहिणी ताणून आतून फाटते, वरून काही दिसत नाही, आणि पाय वाचवायला उरलेल्या तासांचा हिशेब सुरू होतो. मी खाटेच्या पायथ्याशी लटकवलेला कागद घेतला. नाडीची जागा कोरी होती.

"ताई," भाऊ म्हणाला, "पाय झोपलाय."

"मुंग्या येतायत?"

"नाही. काहीच येत नाहीये. गुडघा दुखतोय तेवढाच माझा आहे."

मी चादर वर करून पावलाला हात लावला. गार. डावं पाऊल कोमट होतं. उजव्या अंगठ्याचं नख दाबून सोडलं. पांढरं झालं ते पांढरंच राहिलं.

डॉक्टर पलीकडच्या खाटेशी होता. मी त्याच्याकडे गेले आणि विचारलं, "साहेब, पायाच्या रक्ताभिसरणाबद्दल काही नोंद करायची राहिली आहे का?" मी हेच विचारलं, गुजरातीत, नीट वाक्य जुळवून.

तो म्हणाला, "ना ना बेन, बधुं बराबर छे."

मी बरं म्हटलं आणि परत येऊन स्टुलावर बसले. प्रश्न पाठवला, उत्तर आलं, कागद पुढे सरकला. ऑफिसात याच्यापुढे आम्ही जात नाही. मी घाबरले होते असंही नाही. मला काहीच वाटत नव्हतं. मी चादर सारखी केली, त्याच्या शाळेत फोन केला, त्याला पाणी देऊ नका असं सांगितलं होतं म्हणून बाटली पिशवीत ठेवली. असे अडीच तास गेले. मधे अकराच्या सुमाराला मी आणखी एकदा नख दाबलं.

वहिनी सव्वाबाराला आली. साडीला खडू, खांद्याला पेपरांचा गठ्ठा. तिने नवऱ्याच्या कपाळाला हात लावला, मग पायाला. आणि खोलीतच ओरडली, "डॉक्टरसाहेब, आ पग बरफ जेवो ठंडो छे! हाथ लगाडीने जुओ तो खरा!" नर्स म्हणाली, एसीमुळे असेल. वहिनी म्हणाली, "एसी शुं एक ज पगने लागे छे?"

डॉक्टरने येऊन हात लावला. घोट्याच्या मागे, पावलावर, परत घोट्याच्या मागे. त्याचा चेहरा बदलला. मग सगळं भराभर झालं. स्कॅन, दुसऱ्या इस्पितळातून बोलावलेले रक्तवाहिन्यांचे सर्जन, कागदावर सही. अडीचला त्याला आत नेलं. सर्जनने रोहिणी जोडली, चांगली जोडली. बाहेर येऊन सांगितलं, "रक्त सुरू झालंय. पण पोटरीचे स्नायू किती जगतील सांगता येत नाही. थोडं आधी आला असतात तर."

आम्ही साडेनऊपासून तिथेच होतो. हे मी बोलले नाही. वहिनी बोलली.

स्नायू जगले नाहीत. दहाव्या दिवशी गुडघ्याखाली पाय कापला. मी चौथ्या दिवसापासून कामावर जात होते. आमच्या सुपरवायझरने, चांगली मुलगी आहे, विचारलं, "दीदी, तुम्हाला थोडे दिवस हाताच्या केसेस देऊ?" मी नको म्हटलं. पायांचे कागद येत होते, मी कोड लावत होते. चुका काढणाऱ्यांना त्या महिन्यात माझ्या कामात एकही चूक सापडली नाही.

वहिनीने मला काही विचारलं नाही. ती मला दोष देत नव्हती, तिला माहीतच नव्हतं. तिच्या लेखी मी स्टुलावर बसलेली नणंद होते, डॉक्टरवर विश्वास ठेवलेली. पोळ्या लाटताना एकदा एवढंच म्हणाली, "ताई, तुम्हाला कुणाशी भांडताच येत नाही." मी हो म्हटलं.

विचारलं ते भावाने. तो घरी आल्यावर मी रविवारी सकाळी जात असे. वहिनी भाजी आणायला गेली होती, मी त्याच्या कापलेल्या पायाची पट्टी बदलत होते. तो पायाकडे न बघता म्हणाला,

"ताई, हिने ओरडायच्या आधी तुला कळलं होतं?"

"हो."

"केव्हा?"

"तू पाय झोपलाय म्हणालास तेव्हा."

"मग?"

"डॉक्टरला विचारलं मी."

"काय विचारलंस? नेमकं सांग."

मी ते वाक्य शब्दाला शब्द सांगितलं. त्याने ते एकदा पुटपुटून पाहिलं, पोराच्या पेपरातली पायरी तपासावी तसं.

"नोंद राहिली आहे का," तो म्हणाला. "नोंद!"

रस्त्यावर कुणाची तरी स्कूटर सुरू होत नव्हती, ती सुरू होईपर्यंत आम्ही दोघं ऐकत बसलो.

"त्या वेळी पाय गार होता?"

"होता."

"आणि तू चादर घातलीस."

"हो."

"घट्ट बांध," तो म्हणाला. "ही सैल बांधते, सुटते."

मी खालून वर आठाच्या आकाराचे वेढे देत आले, शिकवलं होतं तसे. शेवटच्या वेढ्याला त्याने दात आवळले.

"उजव्या पायाचा अंगठा दुखतोय," तो म्हणाला.

मी पट्टी सोडली आणि पहिल्यापासून पुन्हा बांधायला घेतली.