हक्काचा झाडू

कागद कापायच्या मशीनने उजवा अंगठा नेला, त्यापेक्षा हातातला झाडू गेला याचंच वहिनींना जास्त लागलं.

वह्या बांधायच्या त्या कारखान्यात एक रिवाज होता. डबे खाऊन झाले की सगळे मोबाइलवर गाड्यांची शर्यत लावायचे आणि जो शेवटचा येईल त्याने मशीनखालची कातरण झाडायची. फोरमन म्हणजे वहिनींचा सख्खा धाकटा दीर, पण त्यालाही सूट नसे. अपघातानंतर वहिनी कामावर परतल्या तर जो तो गोडगोड बोलायला लागला. "वहिनी, तुम्ही नुसतं बघा, झाडू आम्ही मारतो." गाडी डाव्या अंगठ्याने वळवायची, उजव्याने पळवायची, तो अंगठाच नाही, मग बाई खेळणार काय, असा त्या शहाण्यांचा हिशोब. वहिनींच्या तळपायाची आग मस्तकात जाई.

गेमला अजून वर्षही झालं नव्हतं, तेवढ्यात त्याचं पहिलं मोठं अपडेट आलं. नवा घाटरस्ता आला, वेग आपोआप आणि फोन तिरका केला की गाडी वळणार! सगळ्यांची भंबेरी उडाली. फोनबरोबर माणसंही वाकडी व्हायला लागली, दीर तर स्टुलावरून पडता पडता वाचला. वहिनींनी दोन तळव्यांत फोन धरला आणि पहिल्या आल्या.

"अपडेटने तारलं तुम्हाला," दीर हसत म्हणाला.

झालं! वहिनींचा पारा चढला. "असं? मग लावा जुनी बटणं."

सेटिंगमध्ये ती होतीच. वहिनींनी फोन टेबलावर ठेवला. वळवायला डावा अंगठा, पळवायला उजवी तर्जनी. गाडी भिंतींना घासत निघाली, पण निघाली. बाकीचे पोचले. शेवटच्या वळणावर पुढे राहिली एकट्या दिराची गाडी, आणि ती शेवटच्या रेषेच्या अलीकडेच थांबली.

वहिनींनीही बोट उचललं.

"वहिनी, जा ना पुढे."

"तुम्ही जा, भाऊजी."

"अहो, माझं बोट घसरलं."

"या घरात आल्यापासून बघतेय, खोटं बोलताना तुम्ही कान चोळता. हात खाली घ्या."

जेवणाची सुट्टी संपल्याची घंटा झाली. कुणी जागचं हललं नाही. दोन्ही गाड्या तशाच उभ्या.

"अंगठा गेला म्हणून मी बिचारी झाले नाही," वहिनी म्हणाल्या. "एवढीच कीव येत असेल तर त्या पात्यापुढे जाळी बसवा. किती वेळा सांगितलं होतं तुम्हाला! मला वाट नका देऊ."

दिराची मान खाली गेली. त्याने गाडी रेषेपार नेली. वहिनी शेवटच्या आल्या.

कुणीतरी सवयीने झाडू उचलला. "राहू द्या वहिनी, मी..."

"खबरदार! हरलेय मी."

त्यांनी झाडू हिसकावून घेतला, पदर खोचला आणि थेट त्याच मशीनकडे गेल्या. दीर तिथेच उभा होता, पात्याकडे बघत.

"भाऊजी," वहिनी म्हणाल्या, "पाय उचला."