मामांची मालिका

आमची सून तमिळ. त्यांच्यात सासऱ्याला मामा म्हणतात. स्टुटगार्टच्या घरात ती आणि आमचे हे रोज तमिळ मालिका बघत. ती ह्यांना अर्थ सांगे. पुढे मुलाशी पटेना, म्हणून ती हायडेलबर्गला निघून गेली. हे एकटेच मालिका लावून बसू लागले.

"अहो, एक शब्द कळत नाही, मग बघता कशाला?"

"त्यातली सून घर सोडून गेलीय. सासरा तिला परत आणणार, असं आपली सून म्हणाली होती."

"मग तुम्हीही जा की आणायला."

"मालिकेतल्या सासऱ्याचं ऐकतात गं."

ह्या हिवाळ्यात हे देवाघरी गेले. सून आली, दारातच "मामा" म्हणून रडली. मुलगा आतल्या खोलीत गेला. मी तिला विचारलं, "त्या सासऱ्यानं सुनेला आणलं का?"

"अजून नाही," ती म्हणाली.