उसना तळहात

डॉक्टरांनी माझ्या नवऱ्याचा डावा हात आपल्या हातात घेतला, उताणा केला आणि अंगठ्याच्या बुडाशी असणारा मांसाचा उंचवटा चाचपून पाहिला. उंचवटा राहिलाच नव्हता, तिथे खळगा पडला होता. मग ते खुर्चीत मागे टेकले आणि म्हणाले, "काका, याला मोटर न्यूरॉन डिसीज म्हणतात."

नांदेडला आम्ही मुलीकडे, सुवर्णाकडे, दाखवायला आलो होतो. ती माझ्या शेजारी उभी होती. मला त्या शब्दांचा अर्थ कळेना, म्हणून मी तिच्या तोंडाकडे पाहिलं. तिनं मान खाली घातली. आजार कळायच्या आधी मला तिची मान कळली.

डॉक्टरांनी समजावून सांगितलं. मेंदूचा हुकूम स्नायूंपर्यंत नेणाऱ्या पेशी हळूहळू मरत जातात. हुकूम पोचला नाही की स्नायू वाळतात. यांचं हातापासून सुरू झालं होतं, पुढे पाय, मग गिळणं, शेवटी श्वास. बुद्धी मात्र शाबूत राहते. औषध आहे, पण त्यानं आजार थांबत नाही, थोडा सावकाश होतो. उठताना ते मला म्हणाले, "मावशी, एक गोष्ट तुम्ही करू शकता. यांचं वजन उतरू देऊ नका. वजन उतरलं की या आजाराला घाई होते."

ते एक वाक्य मी घट्ट धरलं. बाकी काही माझ्या हातात नव्हतं, स्वयंपाक होता.

लातूरला आमचं भांड्यांचं दुकान. यांचं नाव काशिनाथ, पण बाजारात सगळे काशिनाथअप्पा म्हणत. लग्नाच्या भांड्यांवर नाव घालायचं काम हे दुसऱ्या कुणाला करू देत नसत. डाव्या हातात तांब्या घट्ट धरायचा आणि उजव्या हातातल्या मशीननं टिंब टिंब करत अक्षर उमटवायचं. एकदा एका रुखवताच्या डब्यावर नाव तिरकं गेलं. मी चिडवलं, "अहो, नवरी पळून चालली की काय? नाव उतरणीला लागलंय." हेही हसले. दोष आधी मशीनला दिला, मग चष्म्याला. मशीन बदलली, चष्मा बदलला. भांडं धरणारा हात ढिला पडलाय हे कुणाच्या ध्यानात आलं नाही, कारण नाव घालणं हे उजव्या हाताचं काम अशी सगळ्यांची समजूत. तुमच्या घरी कुणाच्या हातून वस्तू निसटायला लागल्या, सदऱ्याचं बटण लावायला वेळ लागायला लागला, तर चष्मा बदलत बसू नका.

तपासण्या बऱ्याच झाल्या. ईएमजीमध्ये स्नायूत सुई टोचून आतली वीज बघतात. ते यांनी मुकाट्यानं सोसलं. अडलं ते एमआरआयला. मशीनमध्ये घालायच्या आधी तिथल्या बाईंनी सांगितलं, "काका, गळ्यातलं काढा." हे उठले आणि सरळ दाराकडे निघाले.

आम्ही लिंगायत. गुरूनं लहानपणी दिलेलं इष्टलिंग गळ्यात असतं, ते मरेपर्यंत अंगावेगळं करायचं नाही. बायकांनाही ते असतं, माझ्याही गळ्यात आहे. रोज अंघोळीनंतर ते डाव्या तळहातावर घ्यायचं, उजव्या हातानं पाणी घालायचं, विभूती लावायची, बेल वाहायचा आणि त्याच्याकडे बघत शांत बसायचं. आमच्या घरात पूजेशिवाय तोंडात घास घालत नाहीत. शेवटी लिंग ठेवायची चांदीची डबी काढली, लिंग नुसत्या कापडात गुंडाळून यांच्या दंडाला बांधलं. आत धातू नाही ना, हे त्या बाईंनी दोनदा विचारलं आणि मग आत नेलं.

पुढे आम्ही नांदेडातच, विष्णुपुरीला सुवर्णाच्या घरी राहिलो. दुकान बंद झालं, पण शटरची किल्ली यांच्या खिशात असायची. ती फिरवण्याची ताकद बोटांत नव्हती, तरी दिवसातून चार वेळा खिसा चाचपायचे.

मी रांधत होते. तुपातला शिरा, दाण्याचा कूट घातलेल्या भाज्या, भातावर तुपाची धार. हे पूजेच्या खोलीतच जेवायचे. "टीव्हीपुढं घास उतरत न्हाई," म्हणायचे. ताट लख्ख होऊन बाहेर यायचं. आणि दर खेपेला दवाखान्याच्या काट्यावर वजन कमी भरायचं.

डॉक्टरांना वाटलं गिळणं बिघडलं. बेरियम स्वॅलो नावाची तपासणी केली, म्हणजे पांढरं घट्ट पाणी पाजून ते घशातून कसं उतरतं ते एक्स-रेवर बघतात. गिळणं ठीक निघालं. "मग वजन जातंय कुठं?" डॉक्टर माझ्याकडे बघून म्हणाले. असंच चाललं तर पेग ट्यूब घालावी लागेल, म्हणजे पोटाला छिद्र पाडून तिथून नळीनं अन्न. बाहेरच्या बाकावर बसून मी पदरानं डोळे पुसत होते आणि मनात त्या डॉक्टरांशी भांडत होते. नवऱ्याला उपाशी ठेवणारी बाई मी?

उलगडा एका कुत्र्यानं केला. कपडे वाळत घालायला घरामागं गेले, तर पूजेच्या खोलीच्या खिडकीखाली ते माझा आदल्या दिवशीचा शिरा खात होतं. चांगलं बाळसं धरलं होतं त्यानं. मी खिडकीतून आत पाहिलं.

हे मांडी घालून बसले होते. डावा हात गुडघ्यावर टेकवून त्यावर लिंग ठेवलेलं. पाणी घालायला उजवा हात उचलला की डावा तळहात कलायचा, लिंग घसरायचं. ते घाईनं मांडीवर सावरायचे, कपाळाला लावायचे, पुन्हा ठेवायचे. पुन्हा घसरायचं. शेवटी त्यांनी ते गळ्यातल्या डबीत ठेवलं आणि दाराकडे तोंड करून मला हाक दिली, "झालं गं. ताट आण."

मी आत गेले. "कवापासून चाललंय हे?"

"दिवाळीपासून." पूजा जमली त्या दिवशी जेवायचे, नाही जमली तर ताट खिडकीबाहेर रिकामं करायचे आणि संध्याकाळच्या दुधावर राहायचे. जमणारे दिवस कमी होत चालले होते.

"आन् हे मला कुत्र्याकडून कळावं?"

ते रडायला लागले. इतक्या वर्षांच्या संसारात मी त्यांना रडताना पाहिलं नव्हतं. "पूजा न्हाई तर खाऊ कसा? आज मांडीवर पडलं. उद्या भुईवर पडंल. मग काय तोंड घेऊन जगू?"

"माझ्या हातावर ठेवा."

"तुझ्या हातावर तुझं. माझं कसं चालंल?"

मी सुवर्णाला बोलावलं, तिनं समजावलं, ते ऐकेनात. दुसऱ्या दिवशी मी माझं ताट तसंच झाकून ठेवलं. माझा राग तेव्हा देवावर होता, आजारावर होता, आणि सापडले होते फक्त हे. दुपारपर्यंत दोघं भिंतीला पाठ लावून समोरासमोर बसलो.

"तुला साखरंची गोळी घ्यायचीय. जेव," ते म्हणाले.

"तुम्ही जेवा."

"लई हट्टी हाईस."

"हाव. हाय."

त्यांनी डावा हात गुडघ्यावर टेकवला. मग म्हणाले, "तुझा हात खाली ठीव. माझ्या हाताखाली."

मी त्यांच्या डाव्या हाताला बसले, उजव्या हातानं त्यांना पाठीमागून आधार दिला आणि पुढून डावा तळहात त्यांच्या डाव्या तळहाताखाली सरकवला. हाडं टोचली. त्यांनी लिंग ठेवलं, पाणी घातलं. पाणी त्यांच्या बोटांतून माझ्या बोटांत आलं. लिंग हललं नाही. पूजा झाल्यावर त्यांनी शिरा मागून घेतला आणि म्हणाले, "उसना हात हाय, पण मजबूत हाय."

त्या दिवसानंतर ते मोकळे होत गेले. किल्ली पुतण्याला दिली. माझ्या हातून दाढी करून घेतली, कापलं तर मला हसायचे. घास भरवला की आधी लाजायचे, ते आता कुत्र्याचा वाटा काढला का म्हणून विचारायला लागले. एकदा म्हणाले, "हलकं वाटायलंय. आयुष्यभर भांडं पडू ने म्हणून धरत आलो. आता तू धरायलीस, तर मला बेल दिसायलाय, पाणी दिसायलंय." वजन थोडं चढलं. नळी लागली नाही.

आजार मात्र आपल्या वाटेनं गेला. पाय गेले, बोलणं गेलं. बायपॅप म्हणजे श्वासाला रेटा देणारं मशीन, तेही लागलं. खोटा धीर मी कुणाला देणार नाही. एका दुपारी झोपेतच ते गेले. सकाळची पूजा झाली होती.

आमच्यात बसवून समाधी देतात आणि डाव्या तळहातावर लिंग ठेवतात. लातूरला नेलं. विधी करणाऱ्या स्वामींनी लिंग ठेवलं, पण तळहात कलला. पुन्हा ठेवलं, पुन्हा कलला. कुणीतरी दोरी शोधायला लागलं. मी समाधीच्या खड्ड्यात उतरले. बायका उतरत नाहीत, पण मला कुणी अडवलं नाही. मी माझा हात रोजच्यासारखा त्यांच्या हाताखाली घातला. बेल आणि विभूती मांडीवर भरत भरत वर आली, माझ्या मनगटापर्यंत आली. मग स्वामी हळूच म्हणाले, "अक्का, आता हात काढा. पडायचं न्हाई."

मला काढता येईना. सुवर्णानं वरून हाक मारली, तेव्हा एकेक बोट करून काढला. त्यांचा हात हलला नाही.

ज्यांच्या घरी हा आजार आहे त्यांना माझ्याजवळ औषध नाही. वाळत चाललेल्या माणसाला अन्न का जात नाही ते विचारा, ताट लख्ख आहे यावर विसंबू नका, एवढं सांगते. आणि त्या डॉक्टरांचे आभार मानते, त्यांनी मला एक काम दिलं.

आता सकाळी माझी पूजा होते. लिंग डबीत ठेवल्यावरही माझा डावा तळहात तसाच उघडा राहतो, सवयीनं, दुसरा हात यायची वाट बघत. तो अवघडेपर्यंत मी बसते, कधी रडतेही. मग ताट वाढून घेते. पोटभर जेवते. न जेवता राहिले तर त्यांनी माझ्यासाठी सोडलेला हट्ट वाया जाईल.